कागदावरचा साक्षीदार

खुनाच्या खटल्यातले अपील उच्च न्यायालयात सुनावणीला येते तेव्हा प्रत्यक्षदर्शी साक्षीदार तिथे नसतो. दोन न्यायमूर्ती असतात, आरोपीचा वकील असतो, सरकारी वकील असतो आणि समोर पेपरबुक असते. फिर्याद, पंचनामे, शवविच्छेदनाचा अहवाल, साक्षीदारांच्या साक्षी आणि सत्र न्यायाधीशांचे निकालपत्र असे सगळे त्यात एका ओळीने बांधलेले असते. साक्षीदार घाम पुसत बोलला की ठामपणे, प्रश्नाआधी गोंधळला की प्रश्नानंतर, आरोपीकडे त्याने पाहिले की नाही, यातले जवळजवळ काहीच या पानांवर उतरलेले नसते. तरीही जन्मठेप कायम ठेवायची की माणसाला सोडायचे, हे बहुतेक वेळा त्या एका साक्षीच्या आठ-दहा पानांवर ठरते. फाशीची शिक्षा झाली असेल तर आरोपीने अपील केले नाही तरी उच्च न्यायालयाने पुष्टी दिल्याखेरीज ती अमलात येत नाही. म्हणजे तिथेही हीच पाने पुन्हा वाचली जातात.

मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर, पणजीजवळचे पर्वरी आणि ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूर, असे कुठेही अपील चालले तरी कामाची रीत एकच. आरोपीचा वकील साक्षीतले वाक्य वाचतो, मग त्याच साक्षीदाराच्या पोलिस जबाबातला परिच्छेद वाचतो, मग घटनास्थळाच्या नकाशावर बोट ठेवतो. सरकारी वकील तीच पाने उलट्या बाजूने वाचून दाखवतो. अपिलात पुरावा नव्याने जोखण्याचा पूर्ण अधिकार उच्च न्यायालयाला आहे. खालच्या न्यायालयाचा निष्कर्ष केवळ वाजवी दिसतो म्हणून मान डोलावणे पुरेसे नाही. तरी सत्र न्यायाधीशांनी साक्षीदाराला प्रत्यक्ष पाहिले होते आणि आपण पाहत नाही, याची जाणीव वरच्या न्यायालयाला ठेवावी लागते. अपिलातली सगळी ओढाताण या दोन गोष्टींमधली आहे.

बोललेले वाक्य आणि लिहिलेले वाक्य

साक्ष कागदावर कशी येते हे ठाऊक नसेल तर ती वाचताना फसगत होते. साक्षीदार पिंजऱ्यात उभा राहतो आणि आपल्या बोलीत उत्तरे देतो. प्रश्न सहसा लिहिला जात नाही. न्यायाधीश प्रश्न आणि उत्तर मिळून एक सलग वाक्य करतात आणि ते लघुलेखकाला सांगतात. वकील विचारतो, ‘‘खांबावरचा दिवा त्या रात्री बंद होता ना?’’ साक्षीदार म्हणतो, ‘‘असंल.’’ कागदावर येते : ‘खांबावरील दिवा बंद होता हे म्हणणे खरे आहे.’ ‘असंल’मधला संशय, कंटाळा किंवा घाई या वाक्यात उरत नाही. जालना किंवा गडचिरोलीच्या साक्षीदाराचे मराठी अपिलासाठी इंग्रजीत भाषांतरित होते आणि आणखी एक थर चढतो. ‘मारलं’ या एका क्रियापदात काठीचा फटका आहे की जीव घेणे आहे, हे मूळ वाक्यावरून समजते. भाषांतरकाराला मात्र त्यातले एक निवडावेच लागते. म्हणून अनुभवी फौजदारी वकील आणि मराठी जाणणारे न्यायमूर्ती वादाच्या जागी मूळ मराठी साक्ष मागवतात.

उलटतपासणीच्या शेवटी एक ठरलेली ओळ येते : ‘मी घटनास्थळी हजर नव्हतो व पोलिसांच्या सांगण्यावरून खोटी साक्ष देत आहे, हे म्हणणे खरे नाही.’ अनोळखी वाचकाला साक्षीदार स्वतःहून आपली बाजू मांडतो आहे असे वाटेल. खरे तर हा बचाव पक्षाचा आरोप असतो आणि साक्षीदाराने त्याला फक्त ‘नाही’ म्हटलेले असते. या ओळींना पुरावा म्हणून किंमत नाही, पण आरोपीची बाजू काय होती ते त्यावरून कळते : तो तिथे नव्हताच, की होता पण वार त्याने केला नाही, की आधी हल्ला त्याच्यावर झाला.

साक्षीदाराच्या हावभावांविषयी टिपण करण्याची मुभा कायद्याने सत्र न्यायाधीशांना दिली आहे. अशी टिपणे नोंदींमध्ये क्वचितच सापडतात. एखाद्या न्यायाधीशांनी ‘साक्षीदार या प्रश्नावर बराच वेळ गप्प राहिला’ एवढे लिहून ठेवले, तर अपिलात त्या एका ओळीवर तासभर युक्तिवाद होऊ शकतो.

एक पुरतो, पण कसला एक?

खून सिद्ध करायला साक्षीदार किती लागतात याचे कायद्यातले उत्तर सोपे आहे : आकडा नाही. जुन्या पुरावा कायद्याच्या कलम १३४ मध्ये ते लिहिलेले होते, नव्या भारतीय साक्ष अधिनियमातही आहे. सर्वोच्च न्यायालयाने १९५७ साली वडिवेलू थेवर खटल्यात त्याचा अर्थ उलगडला. चहाचे दुकान चालवणाऱ्या माणसाचा खून झाला होता आणि शिक्षा उभी होती ती मुख्यतः त्याच्या पत्नीच्या साक्षीवर. न्यायालयाने साक्षीदारांचे तीन वर्ग सांगितले. पहिला पूर्ण विश्वासार्ह, दुसरा पूर्ण अविश्वासार्ह. या दोघांबाबत न्यायाधीशांना फारसे काम नाही. एकाच्या एकट्याच्या शब्दावर शिक्षा देता येते, दुसऱ्याचा शब्द बाजूला ठेवता येतो. खरे काम तिसऱ्या वर्गाचे, जो धड इकडचा नाही, धड तिकडचा नाही. त्याच्या म्हणण्याला स्वतंत्र आधार शोधावा लागतो.

खुनाच्या अपिलांत बहुतेक साक्षीदार या तिसऱ्या वर्गातच निघतात. त्यांनी काहीतरी पाहिलेले असते, काहीतरी ऐकलेले असते आणि दोन्ही आता एकजीव झालेले असते. इंग्रजी न्यायपरंपरेत ‘एका बाबतीत खोटा तो सगळ्याच बाबतीत खोटा’ असे एक सूत्र होते. आपल्या सर्वोच्च न्यायालयाने ते नियम म्हणून कधीच स्वीकारले नाही. ते लावले तर गावातल्या जवळपास प्रत्येक खटल्यात सगळेच आरोपी सुटतील, कारण मुख्य मारेकऱ्याबरोबर त्याच्या भावाचे आणि चुलत्याचेही नाव फिर्यादीत घालण्याची सवय जुनी आहे. म्हणून न्यायालये साक्ष पाखडतात, दाणे ठेवतात. दाणा आणि फोलपट एकमेकांत इतके कालवलेले असेल की वेगळे करायला न्यायालयाला स्वतःचीच नवी कथा रचावी लागेल, तिथे मात्र सगळी साक्ष टाकून द्यावी लागते. ही सीमा कुठे, याचे सूत्र नाही, आणि एकाच साक्षीवर दोन न्यायालयांची मते वेगळी पडतात ती बहुधा इथे.

जमावाने केलेल्या खुनांत आणखी एक रीत चालते. मसाल्ती खटल्यात १९६४ साली सर्वोच्च न्यायालयाने सुचवले की हल्लेखोर पुष्कळ असतील तर एखाद्या आरोपीचे नाव दोन, तीन किंवा अधिक साक्षीदारांनी सुसंगतपणे घेतले आहे का, ते पाहावे. हा कायदा नाही, खबरदारी आहे. जोखणे हेच तत्त्व असलेल्या ठिकाणी इथे मोजणी मागच्या दाराने आत आली, असे म्हणायला जागा आहे. पण तीस जणांच्या गर्दीत एकाच साक्षीदाराच्या बोटावर तिसावा माणूस जन्मठेपेला जाण्यापेक्षा ते बरे.

नातेवाईक, वाटसरू, जखमी

बचाव पक्षाचा पहिला हल्ला साक्षीदाराच्या नात्यावर असतो. मयताचा भाऊ, मुलगा, बायको, म्हणजे हितसंबंधी. या हल्ल्याला १९५३ साली दिलीप सिंग खटल्यात न्यायमूर्ती व्हिवियन बोस यांनी जे उत्तर दिले ते आजही बहुतेक निकालपत्रांत येते. बोस नागपूरचे, सर्वोच्च न्यायालयात जाण्याआधी तिथल्या उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायमूर्ती होते. त्यांचे म्हणणे असे की जवळचा नातेवाईक सहसा खऱ्या मारेकऱ्याला सोडून निरपराध माणसाला अडकवणार नाही. मात्र आधीचे वैर असेल, तर खऱ्या गुन्हेगाराबरोबर नको असलेल्या एखाद्याचे नाव ओवण्याचा मोह होतो, हेही त्यांनी तिथेच सांगितले. निकालपत्रांत पहिला भाग वारंवार येतो, दुसरा कमी वेळा. अपील वाचणाऱ्याने दोन्ही वाचावेत.

वाटसरूवर दुसरा आक्षेप : तू त्या वेळी तिथे कसा? न्यायमूर्ती चिन्नप्पा रेड्डी यांनी १९८३ साली राणा प्रताप खटल्यात त्याची धार कमी केली. खून रस्त्यावर झाला तर रस्त्यावरून जाणारेच साक्षीदार असणार. मारेकरी कुणाला आगाऊ कळवून येत नाहीत. घटना पाहून कुणी ओरडतो, कुणी पळतो, कुणी जागीच खिळतो, तेव्हा ‘वाचवायला का गेला नाहीस’ या प्रश्नावरून साक्ष खोटी ठरत नाही. तरीही वाटसरूने तिथे असण्याचे कारण पटण्याजोगे द्यावे लागते, आणि त्या कारणाची पडताळणी होऊ शकते. दुधाच्या डेअरीवर निघालो होतो असे म्हणणाऱ्याचे त्या सकाळचे दूध डेअरीच्या वहीत लागलेले असते किंवा नसते.

जखमी साक्षीदाराचे वजन सर्वांत जास्त, कारण त्याच्या हजेरीचा पुरावा त्याच्या अंगावर असतो. मात्र जखम हजेरी सिद्ध करते, ओळख नाही. डोक्यात पहिलाच फटका बसून खाली पडलेल्या माणसाने पुढचे पाच वार कुणी केले ते पाहिले का, हा प्रश्न उरतोच. वडोदऱ्यातल्या बेस्ट बेकरी जळिताचा खटला सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशाने मुंबईत नव्याने चालला. त्याच्या अपिलात मुंबई उच्च न्यायालयाने २०१२ साली चौघांची जन्मठेप कायम ठेवली आणि पाच जणांना सोडले. त्या चौघांविरुद्ध बेकरीतल्या जखमी कामगारांच्या साक्षी होत्या. घटना एकच आणि खटलाही एकच, तरी प्रत्येक आरोपीचा हिशेब वेगळा झाला.

उजेड, अंतर आणि जखमेच्या कडा

साक्षीदार खरा असो वा खोटा, त्याला दिसू शकत होते का हा वेगळा प्रश्न आहे, आणि अपिलात तो कागदावरून तपासता येतो. ग्रामीण भागातले कितीतरी खून रात्री होतात. घटनास्थळ पंचनाम्यात विजेचा खांब, घरासमोरचा बल्ब किंवा कंदील यांची नोंद आहे का, हे आधी पाहिले जाते. साक्षीदाराने न्यायालयात पहिल्यांदाच बल्बचा उल्लेख केला आणि पंचनाम्यात बल्ब नाही, तर तो बल्ब बहुधा खटल्याच्या तयारीत पेटला आहे. भारनियमनाच्या काळातल्या घटनांत वीज कंपनीच्या नोंदी मागवून त्या तासाला गावात वीज होती का, ते दाखवता येते. चांदण्याचा दावा पंचांगाने पडताळता येतो : वद्य अष्टमीला चंद्र मध्यरात्रीच्या सुमारास उगवतो, म्हणून त्या रात्री नऊ वाजता ‘चांदणे होते’ असे म्हणणारा साक्षीदार अडचणीत येतो. न्यायवैद्यकाच्या जुन्या पाठ्यपुस्तकांत, अगदी ओळखीचा माणूसही स्वच्छ चांदण्यात १७ यार्डांपलीकडे, म्हणजे साडेपंधरा मीटरपलीकडे ओळखू येत नाही, असा ठोकताळा दिलेला असे. तो काटेकोर मापदंड नाही, पण तीस मीटरवरून अंधारात चेहरा पाहिल्याचा दावा त्यापुढे डळमळतो.

याला मोठा अपवाद परिचयाचा. शेजारी, भावकीतला किंवा रोज बांधावर भेटणारा माणूस चालीवरून, आवाजावरून, उभे राहण्याच्या ढबीवरून अंधुक उजेडातही ओळखता येतो, हे न्यायालयांनी वारंवार मान्य केले आहे. गावातले खून बहुधा ओळखीच्यांनीच केलेले असतात. त्यामुळे तिथे वाद ‘ओळखता आले का’ यापेक्षा ‘तू तिथे होतास का’ याभोवती फिरतो.

डॉक्टरांचा पुरावा ही दुसरी कसोटी. तोंडी साक्ष आणि वैद्यकीय पुरावा यांत फरक पडला तर सर्वसाधारणपणे तोंडी साक्ष वरचढ. वैद्यकीय पुराव्याने साक्षीदाराचे म्हणणे अशक्यच ठरत असेल तरच उलट. साक्षीदार म्हणतो काठीने मारले, शवविच्छेदनात डोक्यावर कापल्याची जखम. हा विरोध प्रथमदर्शनी घातक वाटतो. पण डोक्याची कातडी हाडावर ताणलेली असते आणि काठीच्या फटक्यानेही ती सरळ रेषेत फाटू शकते. ती जखम वरवर पाहता कापल्यासारखी दिसते. भिंग घेऊन कडा पाहिल्या, केसांची मुळे चिरडली आहेत का ते पाहिले, तर फरक कळतो. डॉक्टरांनी ते पाहिले होते का, हे उलटतपासणीत विचारले गेले नसेल, तर अपिलात त्या जखमेवरून दोन्ही बाजू नुसता अंदाज लढवत राहतात.

‘ते माझ्या जबाबात का नाही हे सांगता येणार नाही’

अपिलातला सर्वाधिक वेळ खाणारा भाग हा. घटनेनंतर पोलिस साक्षीदाराचा जबाब नोंदवतात. त्यावर साक्षीदाराची सही घ्यायची नाही असे कायदाच सांगतो, कारण तो पुरावा नाही. न्यायालयातली साक्ष हाच पुरावा. त्या जबाबाचा उपयोग मुख्यतः एकच : साक्षीदार आता काही वेगळे सांगतो आहे, हे दाखवणे. जबाबातला विरोधी भाग साक्षीदाराला वाचून दाखवतात, त्याला ‘अ’ अशी खूण करतात. तो म्हणतो, असे मी सांगितले नव्हते. मग तपास अधिकाऱ्याच्या साक्षीत त्याच्याकडून वदवून घ्यावे लागते की साक्षीदाराने तसेच सांगितले होते. हे दुसरे पाऊल विसरले गेले तर विसंगती कागदावर सिद्ध होत नाही आणि अपिलात तिचा उपयोग करता येत नाही. जिल्हा न्यायालयातल्या गरीब आरोपीचा वकील हे पाऊल चुकवतो आणि त्याची किंमत उच्च न्यायालयात कळते.

त्याहून अवघड ओमिशनचा मुद्दा : जबाबात नव्हते ते साक्षीत आले. यावर साक्षीदारांचे एक ठरलेले उत्तर कागदोकागदी सापडते : ‘मी ते पोलिसांना सांगितले होते. माझ्या जबाबात ते का नमूद नाही याचे कारण मला सांगता येणार नाही.’ कधी हे अगदी खरे असते. हवालदाराने घाईत चार ओळींत उरकले असते, किंवा चार साक्षीदारांचे जबाब शब्दशः एकसारखे लिहिले असतात. कधी ती निव्वळ भर असते. १९५९ साली तहसीलदार सिंग खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या मोठ्या पीठाने कोणती वगळणूक विसंगतीच्या बरोबरीची ठरते यावर बराच ऊहापोह केला. पुढे १९७३च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत स्पष्टीकरणच आले की महत्त्वाची आणि प्रसंगाशी थेट निगडित वगळणूक ही विसंगती असू शकते.

महत्त्वाची म्हणजे कोणती? साक्षीदार जबाबात म्हणाला, ‘आरोपी काठी घेऊन आला’, साक्षीत म्हणाला, ‘निळा शर्ट घातलेला आरोपी काठी घेऊन आला’. याने काही बिघडत नाही. पण जबाबात फक्त एका भावाचे नाव आणि साक्षीत दुसऱ्या भावाने छातीत सुरा मारल्याचे वर्णन आले, तर त्या दुसऱ्या भावाविरुद्धचा सगळा खटला साक्षीच्या दिवशी जन्माला आलेला असतो. १९८३ साली गुजरातमधल्या एका खटल्यात न्यायमूर्ती ठक्कर यांनी किरकोळ विसंगतींची यादीच दिली : साक्षीदाराची स्मरणशक्ती म्हणजे फोटो नव्हे, वेळ, अंतर, शब्दशः संवाद यांत माणसे चुकतात, गर्दीच्या न्यायालयात उलटतपासणीने बावरतात. हा परिच्छेद आज सरकारी वकिलांच्या तोंडपाठ आहे. त्याचा योग्य उपयोग आहे आणि दुरुपयोगही : ‘किरकोळ’ असा शिक्का मारला की मोठी भगदाडेही त्याखाली बुजवली जातात.

जबाब केव्हा नोंदवला, फिर्याद केव्हा दिली, हेही इथेच पाहिले जाते. थुलिया काली खटल्यात (१९७२) खुनानंतर २० तासांहून अधिक उशिरा फिर्याद आली आणि तेवढ्या वेळात कथा रचली जाऊ शकते म्हणून शिक्षा टिकली नाही. फिर्यादीची प्रत दंडाधिकाऱ्यांकडे लगेच पाठवायची असते. ती त्यांना कधी पोचली याचा शेरा, मरणोत्तर पंचनाम्यात आरोपींची नावे आहेत का, अशा रुक्ष नोंदींवरून फिर्याद खरोखर त्या वेळी लिहिली गेली की मागच्या तारखेने, ते उमगते.

सहा डमी आणि दाढी

आरोपी अनोळखी असेल तर ओळखपरेड. ती पोलिसांनी घ्यायची नाही. महाराष्ट्रात ती तहसीलदार, नायब तहसीलदार किंवा विशेष कार्यकारी दंडाधिकारी घेतात, बहुधा तुरुंगात. मुंबई उच्च न्यायालयाच्या क्रिमिनल मॅन्युअलमध्ये तिची पद्धत दिली आहे. एका संशयितामागे किमान अर्धा डझन डमी, म्हणजे रांगेत त्याच्यासोबत उभी करायची इतर माणसे, दोन संशयित असतील तर दहा-बारा, डमी वयाने, अंगकाठीने, वेषाने साधारण सारखे, दोन पंच, संशयिताला रांगेतली जागा निवडण्याची आणि कपडे बदलण्याची मुभा, साक्षीदार एकेक करून आत, आणि आधी येऊन गेलेला पुढच्याला भेटणार नाही अशी व्यवस्था. परेड सुरू असताना पोलिस तिथे नकोत.

प्रत्यक्षात डमी कुठून आणायचे? तुरुंगातल्या कच्च्या कैद्यांतून किंवा रस्त्यावरून मिळतील त्यांतून. महाराष्ट्रातल्या एका खटल्यात आरोपीला दाढी आणि लांब केस होते, रांगेत दुसऱ्या कुणाला नव्हते. सर्वोच्च न्यायालयाने १९९९ साली ती परेड निरुपयोगी ठरवली. अटकेनंतर आरोपीचा फोटो वर्तमानपत्रात छापून आला, किंवा पोलिस ठाण्याच्या बाकावर साक्षीदाराने त्याला आधीच पाहिले, तर परेडला अर्थ उरत नाही. म्हणून अटकेपासून परेडपर्यंत चेहरा झाकून ठेवल्याची नोंद शोधली जाते. अटक आणि परेड यांत किती दिवस गेले, आणि ते का गेले, हेही विचारले जाते.

परेडमधली ओळख हा मूळ पुरावा नाही. न्यायालयात साक्षीदाराने आरोपीकडे बोट दाखवणे हा मूळ पुरावा आणि परेड हा त्याचा आधार. हे कायद्याचे गणित मानसशास्त्राला उलटे वाटेल. घटनेनंतर पंधरा दिवसांनी रांगेतून निवडण्यात काहीतरी कस आहे; दोन वर्षांनी आरोपीच्या पिंजऱ्यात एकटाच बसलेल्या माणसाकडे बोट दाखवण्यात काय कस?

भोकरदनचा अल्बम

ओळखीच्या पुराव्यावर किती काही अवलंबून असते हे जालना जिल्ह्यातल्या भोकरदनच्या खटल्याइतके कशातूनच दिसत नाही. ५ जून २००३च्या रात्री शेतातल्या झोपडीत राहणाऱ्या एका कुटुंबावर हल्ला झाला. लूट, बलात्कार आणि पाच खून. आई आणि एक मुलगा जखमी होऊन वाचले. भटक्या जमातीतल्या सहा जणांवर खटला चालला आणि मुख्य आधार या दोघांची साक्ष होती. साक्षीदार जखमी होते, त्यांच्या हजेरीविषयी शंका नव्हती, खोटे बोलण्याचे कारण नव्हते. वरच्या सगळ्या कसोट्यांवर ते उतरत होते. सत्र न्यायालयाने सहाही जणांना फाशी दिली. उच्च न्यायालयाने २००७ साली तिघांची फाशी कायम ठेवली, तिघांना जन्मठेप दिली. सर्वोच्च न्यायालयाने २००९ साली पुन्हा सहाही जणांना फाशी सुनावली.

पुनर्विलोकनात सर्वोच्च न्यायालयाने आपला निकाल मागे घेतला आणि अपील पुन्हा ऐकले. ५ मार्च २०१९ला सगळे निर्दोष सुटले. निर्णायक ठरली ती आधीपासून अस्तित्वात असलेली एक नोंद : घटनेनंतर दोनच दिवसांनी, ७ जूनला, जखमी आईने पोलिसांच्या गुन्हेगारांच्या अल्बममधून चार वेगळ्याच माणसांचे फोटो ओळखले होते. विशेष कार्यकारी दंडाधिकाऱ्यांनी तसा जबाब नोंदवला होता. त्या चौघांचा तपास झाला नाही, आणि ही बाब सरकार पक्षाने न्यायालयापुढे ठेवली नाही. सर्वोच्च न्यायालयाने सहा जणांना प्रत्येकी पाच लाख रुपये भरपाई आणि दोषी अधिकाऱ्यांवर कारवाईचा आदेश दिला. त्यांची सुमारे १६ वर्षे तुरुंगात गेली होती, त्यातली बरीचशी फाशीच्या छायेत. त्यांच्यातला एक जण घटनेच्या वेळी अल्पवयीन होता, हेही पुढे निघाले.

या खटल्यातली आई खोटे बोलली असे कुणी म्हटले नाही, आणि म्हणण्याची गरजही नाही.

प्रामाणिक चूक

साक्ष जोखण्याच्या आपल्या बहुतेक कसोट्या, म्हणजे वैर, नाते, विसंगती, उशीर, या लबाडी पकडण्यासाठी घडवलेल्या आहेत. मनापासून चुकलेल्या साक्षीदारापुढे त्या हतबल होतात. तो उलटतपासणीत ढळत नाही, कारण त्याला खरेच वाटत असते. अमेरिकेत एलिझाबेथ लॉफ्टस आणि जॉन पामर यांनी १९७४ साली विद्यार्थ्यांना गाड्यांच्या धडकेची फिल्म दाखवली. ‘गाड्या एकमेकींवर आदळून चक्काचूर झाल्या तेव्हा वेग किती होता’ अशा जोरकस शब्दाने विचारल्यावर वेगाचा अंदाज वाढला. आठवड्यानंतर काचा फुटलेल्या पाहिल्या का, असे विचारले तेव्हा जोरकस शब्द ऐकलेल्या ५० पैकी १६ जणांनी हो म्हटले, साधा शब्द ऐकलेल्या ५० पैकी ७ जणांनी. फिल्ममध्ये फुटलेली काच नव्हतीच. पोलिस जबाबातले प्रश्न नोंदवलेच जात नाहीत, हे इथे आठवावे.

आत्मविश्वासाचेही तसेच. गॅरी वेल्स आणि एमी ब्रॅडफील्ड यांनी १९९८ साली दाखवले की चुकीच्या माणसाला ओळखलेल्या साक्षीदाराला ‘बरोबर ओळखलेत’ एवढे म्हटले, तरी त्याची खात्री वाढते आणि आपल्याला चेहरा नीट दिसला होता असेही तो सांगू लागतो. परेडनंतर तपास अधिकाऱ्याने मान हलवली तरी तेवढे पुरते. दोन वर्षांनी सत्र न्यायाधीशांना दिसतो तो हा वाढलेला आत्मविश्वास, आणि निकालपत्रात तो ‘साक्षीदार ठाम होता’ असा उतरतो. परेडच्या पंचनाम्यात ‘खांद्याला हात लावून ओळखले’ एवढेच सहसा असते. लगेच ओळखले की दोनदा रांगेपुढून फिरून, ते नाही. अपील न्यायालयाला साक्षीदार दिसत नाही ही उणीव म्हणून सांगितली जाते. ठामपणाच्या प्रभावाखाली न येता पहिले वर्णन आणि शेवटचे वर्णन शेजारी ठेवून पाहता येणे, हा तिचा फायदाही आहे.

इंग्लंडमध्ये चुकीच्या ओळखीनेच अपिलाचे न्यायालय जन्माला घातले, असे थोडे धाडसाने म्हणता येते. अॅडॉल्फ बेक नावाच्या माणसाला फसवणुकीच्या गुन्ह्यांत अनेक स्त्रियांनी ओळखले, १८९६ मध्ये आणि पुन्हा १९०४ मध्ये. गुन्हेगार दुसराच होता. १९०७ साली फौजदारी अपील न्यायालय स्थापन झाले त्यामागे हे प्रकरण होते. १९७६च्या टर्नबुल निकालाने तिथल्या न्यायाधीशांवर ज्यूरीला सावध करण्याचे बंधन घातले : पटणारा साक्षीदारही चुकलेला असू शकतो, किती वेळ पाहिले, किती अंतरावरून, कसल्या उजेडात, मध्ये अडथळा होता का, आधी ओळख होती का, हे एकेक पाहा. आपल्याकडे ज्यूरी नाही. ही सूचना न्यायाधीशांनी स्वतःलाच द्यायची असते आणि ती दिली का, हे निकालपत्र वाचूनच कळते.

साक्षीला बाहेरचा आधार मिळाला की चित्र बदलते. मुंबईवरच्या २६/११च्या हल्ल्यात छत्रपती शिवाजी टर्मिनसवरच्या साक्षीदारांच्या जोडीला सेबॅस्टियन डिसूझा आणि श्रीराम वेर्णेकर या वृत्तछायाचित्रकारांनी जीव धोक्यात घालून काढलेली छायाचित्रे होती. हल्लेखोर कसाबच्या अपिलात २०१२ साली सर्वोच्च न्यायालयाने या दोघांचे कौतुक केले. आता सीसीटीव्ही चित्रण जवळपास प्रत्येक शहरी खटल्यात येते आणि वाद साक्षीदाराच्या डोळ्यांवरून त्या चित्रणाच्या प्रमाणपत्राकडे सरकतो. १ जुलै २०२४पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत पोलिस जबाब ध्वनिचित्रमुद्रित करण्याची सोय आहे, सक्ती नाही.

सुटलेल्याविरुद्धचे अपील

सत्र न्यायालयाने आरोपीला सोडले आणि सरकारने अपील केले, तर हाच पुरावा वेगळ्या तराजूत जातो. आरोपी मुळात निरपराध मानला जातो, आणि सुटकेच्या निकालाने ते गृहीतक दुप्पट बळकट होते, असे सर्वोच्च न्यायालयाने २००७ साली चंद्रप्पा खटल्यात सांगितले. एकाच पुराव्यावरून दोन वाजवी निष्कर्ष निघत असतील आणि सत्र न्यायाधीशांनी आरोपीच्या बाजूचा निवडला असेल, तर उच्च न्यायालयाला तो केवळ पटत नाही म्हणून बदलता येत नाही. साक्षीदाराला पाहिल्याचा खालच्या न्यायालयाचा फायदा इथे सर्वांत वजनदार ठरतो. उच्च न्यायालयाने सुटका उलटवून जन्मठेप दिलीच, तर आरोपीला सर्वोच्च न्यायालयात हक्काने अपील करता येते; इतर बहुतेकांना तिथे आधी परवानगी मागावी लागते.

मुंबईतला गणेश भवन पटेल खटला असाच तिन्ही पायऱ्यांवरून गेला. सत्र न्यायाधीशांनी आरोपींना सोडले. उच्च न्यायालयाने प्रत्यक्षदर्शींवर विश्वास ठेवून शिक्षा दिली. सर्वोच्च न्यायालयाने १९७८ साली साक्षींच्या आशयाइतक्याच त्यांच्या वेळा पाहिल्या : साक्षीदार हाताशी असताना त्यांचे जबाब दुसऱ्या दिवशी नोंदवले होते. काही तासांचा उशीर एरवी घातक नसतो. पण आरोपी म्हणून कुणाची नावे पुढे करायची हे ठरवण्यासाठी तपास अधिकारी वेळ काढत होता असे इतर परिस्थितीवरून दिसत असेल तर तो घातक ठरतो, असे न्यायालयाने सांगितले आणि सत्र न्यायाधीशांचा सुटकेचा निकाल पुन्हा लागू केला.